सभा तहकूब नाही, शोभा

शोभा, तुझ्यासाठी सभा तहकूब केली नाही आम्ही.

हे आधी सांगून टाकते, नाहीतर जिथं असशील तिथून माझ्या नावानं शंख करत बसशील. दोन मिनिटं उभं राहिलो, खाली बसलो आणि विषयपत्रिका पहिल्यापासून घेतली. तुझा सातवा विषय मंजूर झाला. सूचक मी. हो, मीच, मालन! वीस वर्षं ज्या बाईनं तो विषय अडवला, तीच. हस आता, पोट धरून हस.

तू गेलीस त्या सकाळी नगरपालिकेतल्या शिपायाचा फोन आला. मी पोळ्या लाटत होते. तो म्हणाला, "वहिनी, शोभाताई गेल्या." मी विचारलं, "कुठं गेल्या?" त्यानं परत तेच सांगितलं. मी चिडून म्हटलं, "अरे, कुठं गेल्या ते नीट सांग ना. पुण्याला गेल्या का मुंबईला?" तेव्हा तो हुंदके द्यायला लागला. माझ्या हातातलं लाटणं हातातच राहिलं आणि तव्यावरची पोळी जळून कोळसा झाली. दुसऱ्या कुणी ऐकलं असतं तर म्हटलं असतं, हिचं डोकं फिरलंय. पण मी असं का विचारलं ते तुला माहीत आहे. "गेले" या शब्दावर माझा विश्वासच राहिलेला नाही. तो कसा उडाला ते गावभर तूच तर रंगवून सांगत फिरायचीस.

वीस वर्षांपूर्वीची माझी पहिली सभा. जागा बायकांसाठी राखीव झाली म्हणून मला उभं केलेलं. पोस्टरवर माझा फोटो एवढासा आणि आमच्या ह्यांचा केवढा तरी. निवडून आले तर सभागृहात कुणी मला नावानं हाक मारेना, सगळ्यांची मी वहिनी. त्या दिवशी तुझा विषय होता. चौकात चाकणकडं जाणाऱ्या कंपन्यांच्या बस थांबतात, तिथं उभ्या राहणाऱ्या बायकांसाठी स्वच्छतागृह. जागा पालिकेचीच होती, पण नेमकी आमच्या गाळ्यांच्या समोर. "दुकानासमोर संडास आला तर भाडेकरू थांबतील व्हय?" असं म्हणत हे चार दिवस घरात येरझाऱ्या घालत होते. सभेच्या सकाळी पुतण्याचा फोन आला. आमचे चुलत सासरे, तात्या, पुण्याला दवाखान्यात होते. पुतण्या म्हणाला, "तात्या गेले," आणि रेंज गेली. ह्यांनी डोळे पुसले, आणि पुसता पुसताच त्यांना सुचलं. गावातलं मोठं माणूस गेलं की श्रद्धांजली वाहून सभा तहकूब करायची, ही आपल्याकडची जुनी पद्धत. तहकूब म्हणजे सगळे विषय पुढं ढकलले. ह्यांनी तिथंच कॅलेंडरच्या पाठकोऱ्या कागदावर चिठ्ठी लिहून माझ्या हातात दिली.

मी उभी राहिले. चिठ्ठीत होतं तसं वाचलं, की आमचे ज्येष्ठ मार्गदर्शक तात्या यांच्या दुःखद निधनाबद्दल हे सभागृह शोक व्यक्त करते आणि आजची सभा तहकूब करावी अशी मी सूचना मांडते. सगळे उभे राहिले. तूही राहिलीस, पिशवी छातीशी धरून, मान खाली घालून. सभा संपली. आम्ही रडत रडत घरी आलो, तर तात्या ओट्यावर बसून चहात खारी बुडवून खात होते! दवाखान्यातून डिस्चार्ज मिळाला आणि गाडी करून ते घरी गेले, एवढंच पुतण्याला सांगायचं होतं.

"का रं रडताय? कोन मेलं?" तात्यांनी विचारलं.

हेच खाली मान घालून म्हणाले, "तुमी, तात्या."

दुसऱ्या दिवशी तू आमच्या घरी आलीस. म्हटलं, आता ही बाई दारात उभी राहून माझे वाभाडे काढणार. कंपनीत वायरिंगच्या लाइनवर काम करणारी, लातूरकडून नवऱ्यामागं आलेली, विरोधी पक्षाची, वर बोलायला फटकळ. तू आलीस ती सरळ तात्यांसमोर जाऊन उभी राहिलीस आणि हात जोडून म्हणालीस, "तात्या, काल तुमच्यासाठी दोन मिनिटं उभी राहिले बघा. तेवढी परत द्या." तात्या असे हसले की त्यांना ठसका लागला. मग तू माझ्याकडं वळलीस. "नाव काय गं तुझं? खरं नाव. वहिनी नको सांगूस." मी म्हटलं, मालन. "मालन, चिठ्ठी वाचायची तर स्वतःच्या हातानं लिहिलेली वाच. म्हणजे निदान चूक तरी आपली राहते." आणि पिशवीतून नगरपालिकेच्या कायद्याचं पुस्तक काढून माझ्या हातात ठेवलंस. पुस्तकाचा कणा फाटलेला, त्यावर तुमच्या कंपनीतली ती वायरला गुंडाळायची काळी टेप लावलेली. ते पुस्तक अजून माझ्याकडंच आहे. परत मागितलं नाहीस कधी.

त्या पुस्तकानं मला बोलायला शिकवलं, आणि शिकवलेलं मी तुझ्याविरुद्धच वापरलं. हे लोकांना सांगायची मला लाज वाटते, तुला सांगायला कसली लाज. पहिल्या वेळी चिठ्ठी ह्यांची होती. पुढच्या प्रत्येक वेळी तोंड माझं होतं. तू विषय आणलास की मी उभी राहायचे. जागा बदलावी. वाहतुकीला अडथळा होईल. आधी सर्व्हे करावा. एकदा आचारसंहिता मदतीला आली, एकदा कुणाच्या तरी मेव्हण्याचं निधन. मग मधली काही वर्षं निवडणुकाच झाल्या नाहीत, प्रशासक बसला, आणि तू अर्ज घेऊन त्याच्याही दारात जायचीस. बाकी सगळीकडं तू जिंकत गेलीस, बाई! चाळीत पाण्याची लाइन आणलीस. बाहेरून आलेल्या लोकांची रेशन कार्डं काढून दिलीस, त्यासाठी तहसीलच्या कारकुनाला असं पिडलंस की तो तुला पाहिलं की जेवणाचा डबा झाकायचा. कच्च्या रस्त्यावर दिवे लागले. शाळेची भिंत पडायला आली होती, तर तू शिक्षणाधिकाऱ्याची खुर्ची उचलून त्या भिंतीखाली नेऊन ठेवलीस आणि म्हणालीस, "साहेब, बसा." महिन्यात भिंत नवी झाली.

आरक्षण फिरलं, वॉर्ड बदलला, की आमच्यातले तिकिटासाठी टाहो फोडायचे. तू नवीन वॉर्डात चप्पल घालून निघायचीस, घरोघर, आणि निवडून यायचीस. आमच्या लोकांनी काय काय नाही केलं तुला पाडायला! बाहेरची, बाहेरची म्हणून गल्लीत बोंब मारली. तू चौकातल्या सभेत म्हणालीस, "मला इथं येऊन इतकी वर्षं झाली. माझी पोरगी इथं जन्मली. आत कधी घेणार आहात ती तारीख तरी सांगा." समोर बसलेले आमचेच म्हातारे हसायला लागले. त्या दिवशीच मला कळलं, या निवडणुकीला आपण पडलो. आमचं पॅनल पडलं, मी तेवढी वाचले. निकालाच्या दिवशी मिरवणुकीतून उतरून तू माझ्याकडं आलीस, कपाळाला गुलाल लावलास आणि म्हणालीस, "बरं झालं तू आलीस. भांडायला कोण उरलं असतं मला?"

आणि रोज सकाळी पहिल्या शिफ्टच्या आधी तू चौकात. नगरसेविका झालीस, कंपनी सुटली, गुडघे गेले, तरी चौक सुटला नाही. स्कूटी उभी करायचीस आणि सीटवरच अर्ज लिहायचीस, सह्या घ्यायचीस. बस आली की म्हणायचीस, "पळा गं, हजेरीचं पंचिंग चुकेल." मी गाळ्याच्या वरच्या गॅलरीतून बघायचे. हातात चहाचा कप असायचा. एकदा वर बघून ओरडलीस, "मालन, या पोरी उठल्यापासून पाण्याचा थेंब घेत नाहीत, माहितीय का? बस येईपर्यंत उभं राहायचं, मग ट्रॅफिक, मग लाइनवर सुपरवायझर सोडत नाही. मी सहा वर्षं तशी काढलीत, म्हणून तर दर पावसाळ्यात लघवीच्या दुखण्यानं दवाखान्यात पडते." मी कप घेऊन आत गेले. तो चहा मी ओतून दिला, हे मात्र तुला कधी सांगितलं नाही.

आणि ती चावी. त्यावरून तू मला जितकी बोललीस तितकी सभागृहात कधी बोलली नाहीस. आमच्या गाळ्यांच्या मागं भाडेकरूंसाठी संडास आहे, चांगला, फरशीचा, पाणी चोवीस तास. तू म्हणायचीस, "ठरावाचं राहू दे बाजूला. सकाळी तासभर त्याची चावी दे. तेवढं तर तुझ्या हातात आहे ना?" आणि मी म्हणायचे, घरात विचारावं लागेल. दहा वेळा म्हणाले असेन. एकदाही विचारलं नाही, शोभा. ह्यांनी नाही म्हटलं असतं म्हणून नाही. हो म्हटलं असतं तर मग माझ्याकडं काय कारण उरलं असतं?

शेवटचं भांडणसुद्धा त्याच्यावरूनच. नवीन निवडणुकीत दोघी परत आलो, आणि पहिल्या मोठ्या सभेची विषयपत्रिका निघाली. तू भाजीच्या गाडीपाशी स्कूटी आडवी घातलीस. "सातवा विषय माझा आहे. काय मालन, या वेळी काय काढायलीस? कोण मेलंय या वेळी?" भाजीवाला हसला. माझ्या नाकाला मिरच्या झोंबल्या. मी म्हटलं, "तूच मर की मेले, एकदाची सुटेन मी!" तू खो खो हसलीस. "अगं माय! मरते की. पण मी मेले तर सभा तहकूब नको करूस हां. आधी सातवा विषय घे, मग रड." आणि मेथीची जुडी माझ्याच पिशवीत टाकून निघून गेलीस.

चार दिवसांनी शिपायाचा फोन. चौकातून घरी आलीस, चहा टाकलास आणि खुर्चीत बसलीस ती बसलीसच.

आपण बायका दिवसातून दहा वेळा म्हणतो, मर मेली, जा मर. त्याचं काय मनावर घ्यायचं, असं सगळे मला सांगतात. तुझा नवरासुद्धा म्हणाला, "ती घरी येऊन हसत सांगत होती, मालन कशी चिडली ते." तरी मी घेतलंय मनावर. माफी मागत नाही, तुला ते आवडायचं नाही. पण तू गेलीस त्या दिवसापासून मेथी घशाखाली उतरत नाही, एवढं सांगते.

तुला पोचवायला सगळं गाव आलं होतं. चौकातल्या पोरी कंपनीचा ड्रेस घालूनच आल्या होत्या, अर्धी शिफ्ट टाकून. तात्यांना रिक्षातून आणलं. नव्वदी उलटलीय, कानाला ऐकू येत नाही, पण आवाज खणखणीत. तिथं उभे राहिले काठी टेकून आणि म्हणाले, "मला जिवंतपणी श्रद्धांजली वाहायला उभी राहिली ही. मी हाय तसाच हाय, आन् ही गेली. बाहेरची बाहेरची म्हनत व्हतो आमी. आता आमच्याच मसनात आलीय. झाली का न्हाई गावची?" म्हाताऱ्याच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं आणि तो ते पुसतसुद्धा नव्हता.

मग सभेचा दिवस आला. तुझ्या खुर्चीवर हार ठेवला होता. आमच्या पक्षाच्या बैठकीत आधीच ठरलं होतं, शोकप्रस्ताव आणि तहकुबी. या वेळी कुणाच्या मनात कपट नव्हतं गं. खरंच दुःख होतं. तुमचे लोकसुद्धा तेच म्हणत होते, की ताईंसाठी एवढं तरी करायला हवं. नगराध्यक्षांनी शोकप्रस्ताव वाचला. आम्ही उभे राहिलो. दोन मिनिटं मी डोळे मिटले नाहीत, सातव्या विषयाच्या कागदाकडं बघत होते. खाली बसलो, आणि तुमच्यातला एक तरुण नगरसेवक उठला. "ताईंच्या सन्मानार्थ आजची सभा तहकूब..."

"माझा विरोध आहे," मी म्हटलं.

सगळं सभागृह माझ्याकडं वळलं. त्या तरुणाचं तोंड लाल झालं. त्याला वाटलं, मेल्यावरही ही बाई ताईंना सोडत नाही. आमचे हे प्रेक्षकांत बसले होते. ते खोकले. तुला तो खोकला माहीत आहे, वीस वर्षं त्या खोकल्यावर मी उठले आणि बसले. मी बोलत राहिले. ते परत खोकले, मोठ्यानं. मी माइकवरच म्हटलं, "ह्यांना कुणीतरी पाणी द्या." शोभा, शोकसभेत माणसं हसली! शिपाई खरंच पाण्याचा ग्लास घेऊन गेला आणि ह्यांनी तो मुकाट्यानं प्यायला.

मग मी सगळं सांगितलं. कागद नव्हता हातात. म्हटलं, "वीस वर्षांपूर्वी मी याच जागेवर उभी राहून एका जिवंत माणसाला श्रद्धांजली वाहिली, सभा तहकूब केली, आणि शोभाचा विषय बुडवला. पुढं तो बुडवायला मला मेलेलं माणूससुद्धा लागलं नाही. आमच्या गाळ्यांसाठी बुडवला. वाहतूकबिहतूक सगळं खोटं होतं. आता तिचंच मरण वापरून तिचाच विषय परत बुडवायचा असेल, तर माझं नाव त्यात घेऊ नका. तिला काय आवडायचं ते इथं सगळ्यांना ठाऊक आहे. तिच्यासाठी उभे राहिलो. आता बसून काम करू." त्या तरुण पोरानं खाली मान घातली आणि म्हणाला, "माझी सूचना मी मागं घेतो."

सातवा विषय आला तेव्हा लिहिणाऱ्या बाबूनं पेन थांबवलं. "सूचक म्हणून ताईंचं नाव आहे. मयत सदस्याचं नाव चालत नाही." मी म्हटलं, माझं लिही. अनुमोदक कोण म्हणून विचारलं, तर तिघं एकदम ओरडले आणि बाबू वैतागला, एकाचंच नाव लागतं म्हणाला. जागा तीच. गाळ्यांच्या समोर, इंचभरही इकडं तिकडं नाही. मंजूर, मंजूर, मंजूर! बाकं वाजवली लोकांनी. खिडकीबाहेर चौकातल्या पोरी उभ्या होत्या, त्यांनी टाळ्या वाजवल्या, आणि मला वाटलं, आता तू मागून येशील, पाठीत धपाटा घालशील आणि म्हणशील, एवढं सोपं होतं तर मेले, इतकी वर्षं काय करायलीस?

काय करत होते, शोभा? घाबरत होते. आता नाही घाबरत.

हे दोन दिवस माझ्याशी बोलले नाहीत. तिसऱ्या दिवशी पालिकेची माणसं चुन्याची फक्की टाकून जागा आखायला आली, तेव्हा गाळ्यासमोरची आपली गाडी ह्यांनी स्वतःच बाजूला काढली. वर त्या माणसांना चहा पाठवला.

बांधकाम व्हायचं तेव्हा होईल. टेंडर निघेल, वेळ जाईल. म्हणून आज सकाळी सहाला मी खाली उतरले. गाळ्यामागच्या संडासाची चावी घेतली, हरवू नये म्हणून तिला एक मोठा लोखंडी नट बांधला, आणि चौकात येऊन उभी राहिले. घरात विचारलं नाही. पोरी माझ्याकडं संशयानं बघत होत्या. मी म्हटलं, "मागं आहे, उजव्या हाताला. जाऊन या, बस आली तर मी थांबवते." आधी कुणी हलेना. मग एक आली, अगदी नवीन दिसत होती, ड्रेसची घडीसुद्धा मोडली नव्हती. तिनं तुला पाहिलेलं नसणार. चावी घेऊन गेली, आली, चावी परत दिली आणि विचारलं, "काकू, उद्या पण असणार का?"

मी म्हटलं, "रोज."

तिनं पाठीवरच्या सॅकमधून बाटली काढली, झाकण उघडलं आणि तिथंच उभं राहून घटाघटा पाणी प्यायली. अर्धी बाटली संपवली, शोभा.